गंगव्वाचं बुटरीन

मुरूमला आमच्या गल्लीत एक शब्द चालायचा. गावातल्या दुसऱ्या गल्लीला तो नीट समजत नसे, गावाबाहेर तर नाहीच. बुटरीन. एखादी सून कामाला वाघीण असली पण माणसांत मिसळत नसली, तर बायका म्हणायच्या, "पोरगी गुणाची हाय, पर बुटरीन न्हाय." देवळात कुणी तालासुरात गायलं आणि तरी ऐकावंसं वाटलं नाही, तर तेच. लग्न होऊन मी बार्शीकडून त्या गल्लीत आले, तेव्हा सासूबाईंनी माझ्या हातची आमटी चाखली आणि दारातूनच शेजारणीला ओरडून सांगितलं, "हाय गं बाई, थोडं बुटरीन हाय!" मला वाटलं, हा इकडचा काही मसाला असावा. मी चोरून फडताळातले सगळे डबे उघडून पाहिले.

हा शब्द गंगव्वाचा. म्हणजे खरा तिच्या मुलाचा, पण गल्लीत आणला तिनं.

गंगव्वाच्या आणि आमच्या घरात एकच भिंत होती. लिंगायताची बाई. उंच, रुंद हाडाची, कपाळाला विभूतीचे आडवे पट्टे, गळ्यात लिंगाची चांदीची डबी. नवरा लवकर गेला. मागं एक मुलगा आणि दोन म्हशी. घरात कानडी, गल्लीत मराठी आणि चावडीवरच्या निजामाच्या माणसांशी तिची स्वतःची अशी एक उर्दू. तिन्ही भाषा ती सारख्याच जोरात बोलायची. हळू बोलणं तिला जमतच नसे. काही गुपित सांगायचं असलं की दंडाला धरून जवळ ओढायची आणि कानात ओरडायची. पलीकडच्या ओट्यावरचा माणूस मग हसून म्हणायचा, "गंगव्वा, ऐकलं म्या. कुणाला सांगत न्हाय."

पहाटे भिंतीपलीकडून रवीचा आवाज सुरू झाला की आमच्या घरात चूल पेटायची. लोणी वर आलं की ती ते थंड पाण्यात धुवायची, पुन्हा पुन्हा धुवायची, आणि तळहातावर गोळा फिरवत म्हशीशी बोलायची. तूप कढवायला बसली की मात्र चुलीपुढून हलत नसे. कुणीही आलं तरी पाठ करूनच बोलणं. आमच्या सासूबाईंच्या माहेरचे थोर पाहुणे आले तेव्हा त्यांनाही तिनं पाठीनंच रामराम केला. ताक तिनं कधी विकलं नाही. "ताक काय इकायची वस्तू हाय व्हय?" म्हणायची, आणि गल्लीतल्या प्रत्येक घरचं भांडं भरून द्यायची. भांडं लहान नेलं तर रागवायची.

तिचा मुलगा मल्लिनाथ. सगळे मल्लू म्हणायचे. आईच्या अगदी उलटा: बारका, चष्मेवाला, बोलायला लागला तर आपल्याला पुढं वाकून ऐकावं लागे. शिवाय तूप न खाणारा. तुपाच्या घरात जन्मला आणि भाकरीवर करडईचं तेल मागायचा. गंगव्वाला याची लाज वाटायची. त्याच्या वरणात ती लपवून तूप सोडायची, तो पहिल्या घासाला ओळखायचा आणि काही न बोलता ताट संपवायचा.

गावच्या मदरशातून, म्हणजे तेव्हाच्या सरकारी शाळेतून, तो गुलबर्ग्याला गेला, तिथून हैदराबादच्या कॉलेजात. तिथं तो जे रसायनशास्त्र शिकायचा त्याला उर्दूत कीमिया म्हणायचे. आता मराठीत किमया म्हटलं की माणसाला लोखंडाचं सोनं करणंच आठवणार. गल्लीला वाटलं, पोरगं सोनं करायला शिकतंय. गंगव्वानं कधी कुणाची समजूत दुरुस्त केली नाही. उलट कासार बांगड्या भरायला आला की हात पुढं करून म्हणायची, "काचंच्याच भर बाबा सध्या. पोराचं शिक्षण व्हायाचंय अजून." विधवा बाई बांगड्या भरते म्हणून कुणी काही बोललं, तर तिच्या जातीत चालतं म्हणून ती त्यालाच वर सुनवायची.

त्या शब्दाची गोष्ट मी तिच्याच तोंडून इतक्यांदा ऐकली की आता मी तिथं होते असंच वाटतं. मल्लू सुट्टीला आला होता. ही चुलीपुढं, तो उंबऱ्यावर. हिनं पाठीनंच विचारलं, "तुझ्या त्या कीमियात माझ्या लोण्याचं काय लिवलंय का रे?"

"हाय की, अव्वा."

ती चक्क तोंड वळवून बसली. तूप कढत असताना. एवढ्यावरून काय ते समजावं.

मल्लूनं सांगितलं, लोण्यातल्या चरबीत बऱ्याच जाती असतात, पण त्यातली एक दुधाच्या लोण्यातच सापडते. करडईच्या तेलात नाही, तिळाच्या नाही, जनावराच्या चरबीत नाही. तिला म्हणायचं ब्युटिरिन.

"म्हंजी काय?"

"लई जुन्या परदेशी भाषेत लोण्याला जो शब्द हाय, त्याच्यावरनंच केलंय नाव. लोण्याचं म्हणून जे काय असतंय, ते."

"उर्दूत काय म्हणत्यात?"

"हेच. आमच्या मास्तरांनी लई शोधलं. न्हाय सापडला दुसरा."

"मराठीत?"

"मराठीत न्हाय, अव्वा. कानडीतबी न्हाय."

"मंग आता झाला की," गंगव्वा म्हणाली. "बुटरीन."

मल्लूनं दोनदा नीट उच्चार करून दाखवला. तिनं ऐकून घेतला आणि आपलंच चालवलं. मग तिनं विचारलं, असं आहे तर तूप खवट का होतं? तो म्हणाला, ते बुटरीन फुटतं, आतलं आम्ल मोकळं होतं, त्याचा तो वास. "फुटंस्तवर वास न्हाय व्हय त्याला?" "जवळजवळ न्हायच." ती बराच वेळ मान हलवत राहिली. त्या दिवशीचं तूप थोडं करपलं. आयुष्यात तेवढंच एकदा.

दुसऱ्या दिवसापासून शब्द गल्लीत फिरू लागला. मल्लूनं सांगितलेला अर्थ लोण्यापुरता होता. गंगव्वानं तो माणसांना, आमटीला, गाण्याला, पोळ्याच्या बैलाला लावला. जे ज्याचं स्वतःचं असतं आणि दुसऱ्याकडून आणता येत नाही, ते बुटरीन. तिनं अशी व्याख्या कधी केली नाही, पण एकदाही चुकीच्या ठिकाणी शब्द वापरला नाही. पुढं एका व्यापाऱ्यानं तिला वनस्पती तुपाचा डबा आणून दाखवला, अर्धं अर्धं मिसळ म्हणाला, कुणाला पत्ता लागायचा नाही. तिनं बोटावर घेऊन हुंगलं आणि गल्लीभर ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, "आवो, ह्यात बुटरीन न्हाय! माझ्या ल्योकाच्या पुस्तकात पकडत्यात ह्येला!" तो माणूस डबा धोतराच्या सोग्यात झाकून गेला.

बाजारच्या दिवशी ती वाण्याच्या दुकानाच्या पायरीशी तुपाची गाडगी मांडून बसायची. समोर आमच्या घरच्यांचं, म्हणजे ह्यांचं, शिलाईचं मशीन. गिऱ्हाईक गाडग्याशी वाकलं की तिची हाक ठरलेली, "घ्या, माझ्या ल्योकाचं बुटरीन हाय ह्यात!" मग वाणी तराजू धरूनच "बुटरीन, बुटरीन!" करायचा, बांगडीवाली हसायची, आणि नवीन गिऱ्हाईक गोंधळून सगळ्यांच्या तोंडाकडं बघायचं. हे दर बाजाराला व्हायचं, आणि दर बाजाराला सगळे नव्यानं हसायचे.

मग ते सत्तेचाळीसचं वर्ष आलं. तिकडं सोलापूरला झेंडे लागले, मिठाई वाटली, आणि आम्ही सरहद्दीच्या अलीकडं दारं लावून बसलो. माझं माहेर स्वतंत्र झालं आणि सासर निजामाकडंच राहिलं. रझाकारांच्या नावानं माणसं सांजेच्या आत घरी येऊ लागली. बरीच पोरं कॉलेजं सोडून निजामाविरुद्ध लढायला सरहद्दीपलीकडच्या छावण्यांत गेली. मल्लू एका दुपारी आला, जेवला, आईला काय ते सांगितलं आणि निघाला. मी दारात गहू निवडत होते. हैदराबादकडची मोटार एका बाजूला थांबायची, तो दुसऱ्या बाजूनं चालत गेला. मला बघून त्यानं नुसती मान हलवली.

त्यानंतर गंगव्वा साऱ्या गावाला आपणहून सांगू लागली, "माझं पोर हैदराबादला शिकतंय. परीक्षा हाय म्हणून येत न्हाय." ज्या बाईला गुपित ठेवता येत नव्हतं, तिनं हे गुपित ओरडून ओरडून ठेवलं.

बातमी आली ती आमच्या मशीनवर. अक्कलकोटकडून कापड घेऊन येणाऱ्या एका माणसानं आमच्या घरच्यांना खाली वाकून सांगितली. मल्लू गेला. गोळी नाही, चकमक नाही. ताप. छावणीत ताप आला, उतरला नाही. सोबतच्या पोरांनी तिथंच एका शेताच्या बांधाला पुरला.

आमच्या घरात मागच्या खोलीत सगळे बसले. आमचे घरचे, सासूबाई, मठातले अय्यास्वामी. आमच्या गल्लीतली आणखी पोरं त्याच छावणीत होती. मल्लू कुठं मेला हे चावडीला कळलं असतं तर त्या पोरांच्या बापांना उचलून नेलं असतं, घरं राहिली नसती. अय्या म्हणाले, आईपासून मरण लपवणं पाप आहे. सासूबाई म्हणाल्या, "पाप हाय, खरंय. पर तिला हळू रडता यायचं न्हाय वो. एक हंबरडा फोडील आन् सगळा गाव गोळा हुईल."

शेवटी ठरलं, थोडं थांबायचं. जरा निवळलं की सांगायचं. पण गोष्ट एका तोंडातून दुसऱ्या तोंडात गेलीच. बाजाराच्या दिवसापर्यंत त्या रांगेतल्या सगळ्यांना माहीत होतं. माहीत नव्हतं ते फक्त तिला.

मी घरच्यांची भाकरी घेऊन बाजारात गेले होते. मशीनपाशी टेकले. समोर गंगव्वानं गाडगी मांडली होती. एक म्हातारी वाकून वास घेऊ लागली, आणि गंगव्वानं नेहमीसारखी हाक दिली, "घ्या, माझ्या ल्योकाचं बुटरीन हाय ह्यात!"

कुणी हसलं नाही.

वाण्यानं पारड्यात डोळे घातले. बांगडीवालीनं तोंड फिरवलं. आमच्या घरच्यांचा पाय पायपट्टीवर थांबला, मशीन बंद झालं. गंगव्वानं वाण्याकडं पाहिलं. मग बांगडीवालीकडं. मग पुन्हा तेच वाक्य म्हणाली, पण हळू. "माझ्या ल्योकाचं बुटरीन हाय ह्यात." तिला एवढं हळू बोलताना मी पहिल्यांदा ऐकलं.

मग तिची नजर आमच्याकडं वळली. घरच्यांना तिनं एवढंच विचारलं, "कवा?"

"गंगव्वा," हे म्हणाले, "हितं नको. तुमच्या पाया पडतो. हितं नको."

ती बसूनच होती, तरी आणखी खाली बसल्यासारखी झाली. गाडग्यावर झाकण ठेवलं. म्हातारी अजून उभी होती, तिला काही कळलं नव्हतं, ती म्हणाली, "दे की गं पळीभर." गंगव्वानं झाकण काढलं आणि पळी भरून दिली.

तेवढ्यात चावडीवरचा पोलीस जवान आला. अमीनसाहेबांच्या, म्हणजे फौजदाराच्या, घरचं तूप तिच्याकडूनच जायचं. तो हसतमुख माणूस होता, मनानं वाईट नव्हता, बाजारात आला की सगळ्यांची चौकशी करायचा.

"क्यों गंगव्वा, बेटा कैसा है?"

मी भाकरीचं फडकं गच्च धरलं. आमच्या घरच्यांनी डोळे मिटले.

"अच्छा है जी," गंगव्वा म्हणाली. खणखणीत, सगळ्या रांगेला ऐकू जाईल असं. "पढतंय. इम्तिहान है उसका."

"खुदा कामयाब करे," तो म्हणाला, आणि तूप घेऊन गेला.

बाजार उठेपर्यंत ती तिथंच बसली. सगळं तूप विकलं.

संध्याकाळी आमच्या मागच्या खोलीत दार लावून घरच्यांनी तिला जे ठाऊक होतं ते सांगितलं. सासूबाईंनी तिच्या तोंडावर धरायला पदर तयार ठेवला होता. त्याची गरज पडली नाही. सगळं ऐकून तिनं विचारलं, "पाणी पाजायला कोण हुतं?"

"हुते की. दोस्त हुते, रातंदिस जवळ बसले हुते म्हणं."

"त्येंला कानडी येत हुतं का?"

तीच पुढं म्हणाली, "ताप चढला की त्यो कानडीच बोलतोय. ल्हानपणापास्नं. मराठी इसरतोय. काय मागितलं असंल तर कळलं असंल का त्येंला?"

ह्यांना खोटं बोलता आलं असतं. पण ते उठून अंगणात गेले.

नंतर तिला रोज पाहत होते. पहाटे रवी फिरायची. ताक मिळायचं, भांडं लहान असलं तरी आता ती काही बोलत नसे. बाजारात कुणी विचारलं की "पढतंय" म्हणून मोठ्यानं सांगायची आणि घरी आली की दिवसदिवस एक शब्द नाही. हातातल्या बांगड्या काढता येत नव्हत्या, मुलाच्या नावानं जंगमाला जेवू घालता येत नव्हतं. बुटरीन हा शब्द गल्लीतून गेला. कुणी बोलू नका असं ठरवलं नाही. एकदा माझ्या तोंडून अर्धा निघाला, सासूबाईंनी नुसतं पाहिलं, आणि मी आमटीत मीठ कमी आहे असं काहीतरी म्हणाले.

पुढच्या पावसाळ्याच्या अखेरीला हिंदुस्थानची फौज आली आणि निजामाचं राज्य संपलं. त्या दिवसांत आमच्या भागात पुष्कळ वाईटही घडलं. ज्यांचा काही दोष नव्हता अशा मुसलमानांची घरं आता दुसऱ्या बाजूनं उजाड झाली. तूप न्यायला येणारा तो जवान कुठं गेला, कुणाला कळलं नाही. गंगव्वानं मात्र विचारलं होतं, मला आठवतं.

मग मदरशाच्या पटांगणात सभा झाली. बाहेरगावचे पुढारी आले. गंगव्वाला पुढं बसवलं, शाल दिली, नारळ दिला. एक जण बोलायला उभा राहिला आणि रंगात येऊन म्हणाला, या माउलीच्या मल्लिनाथानं छातीवर गोळी झेलली. लोकांनी टाळ्या वाजवल्या. गंगव्वा उठून उभी राहिली. शाल खांद्यावरून घसरली.

"गोळी न्हाय वो," ती म्हणाली. "ताप आला हुता त्येला."

पुढारी थांबला. ती त्याला नीट समजावून सांगू लागली, जणू त्याचीच कीव येऊन. "ताप हुता. उतरला न्हाय. अंगात लई न्हवतंच त्येच्या पहिल्यापास्नं." आणि बसली. कुणीतरी घाईघाईनं जयघोष केला.

त्या रात्री सासूबाई तिच्याकडं जाऊन बसल्या. "आता रड, बाई. आता कोण इचारतंय? मोकळी हो."

"येत न्हाय वो," गंगव्वा म्हणाली. "तवा गिळलं. आता वर येत न्हाय."

ती रडली नाही. लोक म्हणू लागले, दगड झाली. कुणी म्हणालं, तिला काही वाटतच नसेल. म्हशी होत्या, तूप होतं, बाजार होता. एक म्हैस तिनं काढून टाकली. मी दोन्ही पोरांच्या बाळंतपणाला बार्शीला जाऊन आले. ती माझ्या पोरांच्या टाळूला लोणी लावायची, पण त्यांना उचलून घेत नसे.

मुरूम आम्ही पुढं सोडलं. ह्यांनी सोलापूरला दुकान थाटलं. निघायच्या थोडे दिवस आधीची गोष्ट. आमच्या गल्लीच्या टोकाला तेल्याचं घर होतं. त्यातले म्हातारे आजोबा वारले. खूप वय झालं होतं, पणतू खेळवून झाले होते, झोपेतच गेले. अशा घरात रडणं असतं ते रीतीपुरतं. सुना पदर तोंडाला लावून बसल्या होत्या, बाहेर माणसं ऊस कसा आहे, विहिरीला पाणी किती आहे असं बोलत होती. तिरडी बांधून झाली होती.

गंगव्वा आली. रीतीप्रमाणे आली, हातात पाण्याचा तांब्या. आत जाऊन म्हाताऱ्याच्या पायाशी बसली. त्याचे पाय चादरीतून उघडे पडले होते, वाळलेले, भेगाळलेले. तिनं ते दोन्ही हातांनी धरले, जरा वेळ धरूनच बसली. आणि मग ओरडली.

"मगा!"

कानडीत मग म्हणजे मुलगा. खोलीतल्या सगळ्यांना तेवढं कानडी येत होतं.

"नन्न मगा! माझ्या लेकरा!" ती त्या ऐंशी वर्षांच्या म्हाताऱ्याच्या पायांवर डोकं आपटत होती. "पाणी मागितलं रे, कुणाला कळलं न्हाय रे, माझ्या लेकरा!" केस सुटले, विभूती पुसली गेली. बाहेरची माणसं बोलायची थांबली. गल्लीतल्या बायका धावत आल्या आणि दारातच उभ्या राहिल्या. आत कुणी गेलं नाही. तेल्याच्या सुना आधी घाबरल्या, मग त्यांतली थोरली रडू लागली, मग धाकटी, आणि मग तिथं म्हाताऱ्यासाठी कोण रडतंय आणि मल्लूसाठी कोण, हे सांगता आलं नसतं.

म्हाताऱ्याचा मोठा नातू घाईत होता. ऊन चढत होतं. तो आत येऊन गंगव्वाच्या खांद्याला हात लावणार, तेवढ्यात सासूबाईंनी त्याचं मनगट धरलं.

"राहू दे," त्या म्हणाल्या. "तुझ्या आजाला घाई न्हाय आता."

तो मागं सरला. बाहेर खांदेकरी अनवाणी उन्हात उभे होते. एकानं टोपी काढून हातात घेतली, मग दुसऱ्यानं घेतली. तिरडी तशीच पडून होती. आतून तिचा आवाज येत राहिला आणि कुणीच उचला म्हणालं नाही.